आलेखाचं शेपूट

"ताई, ही ओळ कुणीतरी मुद्दाम बंद केलीय," नवी म्हणाली, आणि मी वाचत असलेलं पत्र वाचतच राहिले, म्हणजे वाचतेय असं दाखवत राहिले. चार महिन्यांपूर्वी आमच्या ऑफिसात आलेली ही इंजिनिअर. तिच्यानंतर कुणी येईपर्यंत ती नवीच राहणार, आमच्याकडे तसंच चालतं. मीही सात वर्षं नवी होते. जुनं मशीन बाद करून सगळं नव्या मशीनवर न्यायचं काम तिला दिलंय, आणि त्यासाठी माझ्या प्रोग्रामची मूळ फाइल तिनं मागून घेतली होती. मीच दिली. कपाटातल्या खालच्या खणातून, धूळ पुसून, वर 'जपून हं' असंही म्हणाले. चोवीस वर्षांत ती फाइल माझ्याशिवाय कुणी उघडली नव्हती, आणि मीही ती शेवटची कधी उघडली ते मला आठवत नाही असं मी स्वतःला सांगत आले होते. "इथे बघा," ती म्हणाली. तिच्या पडद्यावर माझीच अक्षरं होती. ओळ लिहिलेली, मग दोन्ही बाजूंनी खुणा घालून बंद केलेली, आणि पुढे इंग्रजी अक्षरांत दोन शब्द: राहू दे. "असं कोण लिहितं?" नवी हसत म्हणाली. तिच्या हसण्यात काही वाईट नव्हतं. मी म्हटलं, बघते, आणि पाणी प्यायला उठले. बाटली टेबलावरच होती.

आम्ही धरणाच्या भिंतीवर लक्ष ठेवतो. म्हणजे भिंत तिकडे दूर आहे आणि आम्ही इकडे शहरात तिसऱ्या मजल्यावर. भिंतीच्या पोटात वरपासून खालपर्यंत एक तार सोडलेली आहे, तिला वजन लटकवलंय, त्याला लंबक म्हणतात. पाणी वाढलं की भिंत केसाएवढी पुढे झुकते, उतरलं की मागे येते, उन्हानं एकीकडे, गारव्यानं दुसरीकडे. लंबक ते सगळं सांगतो. दर दहा मिनिटांनी एक आकडा. धोक्याची घंटा वेगळी आहे, ती तिथल्या तिथे वाजते. आमच्याकडचा आलेख म्हणजे भिंतीचा स्वभाव समजून घेण्यासाठी. मी आले तेव्हा हा आलेख हातानं काढला जायचा. खिडकीजवळच्या उताराच्या मोठ्या टेबलावर, निळ्या चौकटींच्या कागदावर, आणि तो काढणारे आमचे ड्राफ्ट्समन. त्यांच्या शर्टाच्या खिशात कायम सहा इंची पट्टी असायची म्हणून सगळे त्यांना पट्टीकाका म्हणत. साहेबसुद्धा. जेवताना डब्याचं झाकण घट्ट बसलं तरी ते पट्टीनंच उचकटायचे, आणि मग ती शर्टालाच पुसून खिशात. मला त्यांनी पहिल्या दिवशी विचारलं होतं, "पेन्सिलीला टोक करता येतं का?" मी म्हटलं, मी कॉम्प्युटरवाली आहे. "ते मी विचारलंच नाही," काका म्हणाले.

त्यांचं काम काढून घेण्यासाठीच मला घेतलं होतं. तसं कुणी म्हणालं नाही, पण तसंच होतं. माझा प्रोग्राम आकडे घेणार, तपासणार, एका फाइलीत ओतणार आणि मग एका दुसऱ्या तयार प्रोग्रामला हाक मारणार, की घे ही फाइल आणि आलेख काढ. चित्र काढायची अक्कल माझ्या प्रोग्रामात नव्हती, ती त्या दुसऱ्यात. तो कुणा लांबच्या लोकांनी लिहिलेला, फुकट मिळणारा, आणि सांगितलं तेवढंच करणारा. माझा प्रोग्राम अहोरात्र चालू राहायचा आणि सकाळी दहाला तो दुसऱ्याला उठवायचा. दोघांचं जमवायला मला तीन महिने लागले. काका रोज विचारायचे, "झालं का तुमच्या दोघांचं लग्न?" ज्या दिवशी पहिला आलेख छापून बाहेर आला त्या दिवशी साहेबांनी सगळ्यांना बोलावलं. रेघ सुंदर होती, मान्य करायला हवं. काका जवळ आले, वाकले, त्यांनी पट्टी लावून दोन बिंदू तपासले आणि म्हणाले, "बरोबर आहे." मग आपल्या टेबलाशी जाऊन त्यांनी आदल्या दिवसाचा अर्धा झालेला कागद टाचण्या काढून गुंडाळला. त्या चार टाचण्या त्यांनी एकेक करून डबीत ठेवल्या तो आवाज मला अजून आठवतो. माझं पोर तेव्हा दीड वर्षाचं होतं, नोकरी कायम झालेली नव्हती, आणि मला आनंद व्हायला हवा होता.

मग दिसलं की आलेख अपुरा आहे. सकाळी दहापर्यंतचे आकडे आलेले असायचे आणि रेघ मात्र पहाटेच कुठेतरी थांबलेली. कधी चार तास कमी, कधी त्याहून जास्त. काका म्हणाले, "याचं शेपूट कुठं गेलं?" साहेब म्हणाले, तोवर हातानं पुरं करा. तेव्हापासून रोज दहाला मी काकांच्या टेबलाशी स्टूल ओढून बसायची, माझ्या छापील यादीतले राहिलेले आकडे मोठ्यानं वाचायची, आणि काका छापील रेघ संपायची तिथून पेन्सिलीनं पुढे न्यायचे. पंधरा मिनिटं, कधी वीस. मी म्हणायची, "चौदा पूर्णांक दोन." ते म्हणायचे, "दोन." मी म्हणायची, "चौदा पूर्णांक तीन." ते, "तीन, आली वर बाईसाहेब." भिंतीला ते बाईसाहेब म्हणत. मधेच थांबून पोराला दात आले का विचारत, नवऱ्याच्या बदलीचं काय झालं विचारत, आणि उत्तर ऐकताना पेन्सिल त्या शेवटच्या बिंदूवर टेकवून धरत, म्हणजे जागा चुकायला नको. शेपूट झालं की खाली बारीक सही. अख्ख्या दिवसात त्यांना उरलेलं काम ते तेवढंच.

चूक मला सतराव्या दिवशी सापडली. अगदी साधी, शिकाऊ माणसाची चूक. आकडे एकेक करून फाइलीत जात नाहीत. मशीन ते आधी स्वतःजवळ साठवतं आणि ठरावीक ढीग झाला की एकदम पाठवतं. ढीग पुरा व्हायच्या आत आलेख मागितला तर शेवटचे आकडे आतच राहतात. त्यासाठी एक ओळ लिहावी लागते: आहे तेवढं आत्ता पाठव. ती मी विसरले होते. ओळ लिहिली, प्रोग्राम पुन्हा कंपाइल केला, चालवून पाहिला, आणि रेघ थेट त्या मिनिटापर्यंत आली. संध्याकाळ होती, ऑफिस जवळजवळ रिकामं. काका तेवढे होते. उद्याच्या पेन्सिलींना टोकं करून ते त्या एका ओळीत मांडत होते, पाच पेन्सिली, पाच आकड्यांसाठीसुद्धा पाच. मी तो पुरा आलेख फाडला. ओळ बंद केली, पुढे राहू दे लिहिलं, पुन्हा कंपाइल केलं. एकदा कंपाइल झालं की आत काय आहे ते कुणाला वाचता येत नाही, मशीनला कळतं, माणसाला नाही. मला वाटलं, थोडे दिवस. दुसऱ्या दिवशी साहेबांना सांगितलं की या प्रोग्रामची पद्धतच अशी आहे, शेवटचं हातानंच घालावं लागेल. साहेब हो म्हणाले. काकांनी कागद पुढे ओढला. पेन्सिल उचलून म्हणाले, "वाचा."

आता यातली खरी लाज वेगळीच आहे. दोनेक वर्षांनी काकांना बोलावणं आलं होतं, रेखाकला शिकवणाऱ्या एका संस्थेचं. कायमची नोकरी, पोरांना शिकवायचं. ते गेले नाहीत. मी तेव्हा मनातल्या मनात हरखले होते. म्हटलं, बघ, ते शेपूट होतं म्हणून माणूस टिकला. मी स्वतःवर किती खूश होते ते आठवलं की आजही कानशिलं गरम होतात. शेपूट सुरू झाल्यापासून सहा वर्षांनी ते निवृत्त झाले. निरोपाच्या दिवशी मी ओळ सुरू करणार होते. केली नाही. दुसऱ्या दिवशी दहाला त्यांच्या टेबलाशी जाऊन बसले, आकडे स्वतःशीच वाचले आणि शेपूट काढलं. पेन्सिल त्यांचीच होती. मग ते तसंच चालू राहिलं. अठरा वर्षं. साहेब तीनदा बदलले, प्रत्येकाला आधीच्यानं सांगितलं की इथे शेवटचं हातानं घालतात, आणि प्रत्येकानं मान डोलावली. कसल्याही ऑफिसात असं एखादं 'असंच असतं' असतं, त्याला कुणी हात लावत नाही. नवी आली आणि तिनं चार महिन्यांत विचारलं, असं का असतं.

पाणी पिऊन परत आले तोवर ती साहेबांकडे जाऊन आली होती. साहेबांनी मला आत बोलावलं. माणूस वाईट नाही, घाईत असतो. पुढच्या आठवड्यात तपासणीचे लोक येणार, मशीन बदलताना जुना दोष सापडला तर त्याचा फॉर्म भरावा लागतो. दोष काय, कुणी केला, कधी, का. साहेब म्हणाले, "फाइलीच्या वर दोन नावं आहेत, तुमचं आणि त्या ड्राफ्ट्समनचं. जुन्या शेपटांवर सह्या त्यांच्याच आहेत. तुमची दोन वर्षं राहिलीत. ते निवृत्त होऊन जमाना झाला, त्यांना कोण विचारायला जातंय? त्यांच्या नावावर लिहून मोकळं व्हा." काकांचं नाव मीच घातलं होतं वर, मानानं. त्यांना इंग्रजी अक्षरांत आपलं नाव पडद्यावर पाहून मजा वाटली होती, तीन वेळा वाचून घेतलं होतं त्यांनी. मी म्हटलं, "उद्या देते." साहेब म्हणाले, "उद्या दुपारपर्यंत." आणि खरं सांगायचं तर जिना उतरताना माझ्या मनात आलंच, की अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या माणसाला खरंच कोण विचारणार आहे. आलं मनात. नाही आलं असं कशाला सांगू?

मी घरी गेले नाही, काकांकडे गेले. पर्समध्ये फॉर्म, आणि त्या दिवशीचा आलेख गुंडाळून हातात, सकाळीच मी शेपूट काढलेला. का घेतला माहीत नाही. दार त्यांच्या मुलीनं उघडलं. "आता फक्त उजेड कळतो हं त्यांना," मी चपला काढत असताना ती हळूच म्हणाली, "पण कान शाबूत आहेत." आतून काका म्हणाले, "कान शाबूत आहेत म्हणूनच ऐकलं. कोण आहे, कॉम्प्युटरवाली का?" पायांच्या आवाजावरून ओळखलं म्हणे. खोली लहान होती, खिडकीशी खुर्ची, आणि बंडीला खिसा शिवून घेतलेला, त्यात पट्टी. मी आलेखाची गुंडाळी हातातल्या हातात फिरवत राहिले. पाच मिनिटं माझ्या पोराचं विचारून झालं, ते आता सव्वीस वर्षांचं आहे आणि त्याचे दात पडायच्या वाटेवर नाहीत यावर हसून झालं. मग तेच म्हणाले, "बोल. तू अशी गप्प बसलीस की काहीतरी बिघडलेलं असतं."

"काका, शेपटाची चूक सापडली," मी म्हटलं.

त्यांचा चेहरा एकदम सैल झाला. मी ज्याला घाबरले होते त्यातलं काही त्यावर नव्हतं. "अरे वा. सापडली एकदाची," ते म्हणाले. "कुणी काढली? तुला रागावलं नाही ना कुणी?" मी म्हटलं, तुम्हाला माहीत होतं? "पहिल्याच आठवड्यात," काका म्हणाले. "आकडे तू वाचायचीस. जे आकडे तुझ्या कागदावर आहेत ते मशीनला माहीत नाहीत असं कसं होईल? म्हणजे तूच कुठंतरी विसरलीस. मी म्हटलं, सापडेल पोरीला. मग एक दिवस तू साहेबांना सांगितलंस की याची पद्धतच अशी आहे. तेव्हा कळलं की तुला काही ते सापडत नाहीये आणि तू थाप मारलीस. बरोबर होतं तुझं. नोकरी कच्ची, पोर एवढंसं. म्हटलं, आपण आहोत तोवर शेपूट काढत राहू, कुणाला पत्ता लागायचा नाही." मग म्हणाले, "त्या संस्थेत जाणार होतो मी. मनातून फार होतं. पण मी गेलो असतो तर दुसऱ्या दिवशी शेपूट काढायला माणूस नाही, मग साहेब विचारणार, मग तुझं बिंग फुटणार. म्हटलं, राहू."

नाही सांगितलं तरी चालत होतं. त्यांना कधी कळलं नसतं, माझी चूक झाकली या समाधानात ते राहिले असते, आणि मीही एक हुंकार देऊन उठू शकले असते. बाहेर कुणाचा तरी कुकर शिट्टी देत होता. पण फॉर्म पर्समध्ये होता, आणि चोवीस वर्षं मी याच माणसाशी रोज मनातून बोलत आले होते, निदान त्याच्याशी तरी आता खोटं बोलवेना. मी म्हटलं, "काका, मला ती सतराव्या दिवशी सापडली होती. मी दुरुस्त केली आणि परत बिघडवली. तुमच्याकडे काही काम उरत नव्हतं म्हणून." मग सगळं सांगितलं, पेन्सिलींचंसुद्धा.

काकांचा हात खिशातल्या पट्टीवर गेला आणि तिथेच राहिला. "म्हणजे तू माझ्यासाठी," ते म्हणाले, "आणि मी तुझ्यासाठी." मग म्हणाले, "एवढी वीस मिनिटं रोज समोर बसायचो आपण. दाताबद्दल बोललो, बदलीबद्दल बोललो." माझ्या डोळ्यांतून पाणी आलं, ते त्यांना दिसणार नव्हतं म्हणून मी पुसलंही नाही. "राग आला का?" मी विचारलं. "आला," काका म्हणाले. "शिकवायला आवडलं असतं मला. मी चांगला मास्तर झालो असतो." मी म्हटलं, हो, झाला असतात. त्यांनी ते नाकारलं नाही, मला बरं वाटावं म्हणून दुसरंही काही म्हणाले नाहीत. मुलगी चहा ठेवून गेली. तो दोघांनीही प्यायला नाही.

मग त्यांनी विचारलं, हातात कागद वाजतोय तो काय आहे. मी आलेख त्यांच्या मांडीवरच्या चादरीवर पसरला. त्यांनी दोन्ही तळवे कागदावर ठेवले, कडा चाचपल्या, आणि उजव्या हाताची बोटं सावकाश डावीकडून पुढे नेली. छापलेली रेघ बोटाला लागत नाही. ती गुळगुळीत असते. बोटं सरकत सरकत शेवटाशी आली आणि थांबली, कारण तिथे पेन्सिलीची खाच होती. त्यांनी ती नखानं तपासली, पुढे, मागे. "हे हातानं काढलंय," ते म्हणाले. "किती दाबतेस. कागद फाटेल. कुणी काढलं हे?"

"मी. आज सकाळी."

"आज? मी जाऊन अठरा वर्षं झाली." त्यांचं बोट त्या खाचेवरच होतं. "आता कुणासाठी?"

मी फॉर्म काढला, पेन काढलं आणि त्यांच्या खुर्चीच्या हातावर ठेवून मोठ्यानं वाचत भरला, जसे आकडे वाचायची तसा. दोष: शेवटचे आकडे आलेखात येत नाहीत. कुणी केला: तिथे मी माझं नाव लिहिलं आणि वाचून दाखवलं. काका म्हणाले, "माझंही घाल, मला ठाऊक होतं." मी म्हटलं, तुमचं फाइलीवर आहे तेवढं पुरे. कधी: तारीख. का: इथे मी अडले. काका म्हणाले, "खरं ते लिही." मी लिहिलं, आरेखकाला काम उरावं म्हणून. ते ऐकून ते हसले, घशातल्या घशात. "तपासणीवाले डोक्याला हात लावतील," ते म्हणाले. "आणि नंतरच्या अठरा वर्षांचं काय लिहिलंस?"

"त्याला रकाना नाही, काका," मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली. जरा वेळानं त्यांनी खिशातून पट्टी काढली, आणि पट्टीच्या मागून पेन्सिलीचा एक बोटभर तुकडा. टोक केलेलं होतं. कुणाकडून करून घेतात कोण जाणे. डाव्या हाताचं बोट माझ्या शेपटाच्या शेवटच्या बिंदूवर ठेवून त्यांनी उजव्या हातातली पेन्सिल त्या बोटाला भिडवली. "दहानंतरचे आकडे असतील ना तुझ्याकडे?" त्यांनी विचारलं. होते, फोनवर येतात आता. मी खाली फरशीवर बसले, कारण त्या खोलीत स्टूल नव्हतं.

"वाचा," काका म्हणाले.

"सोळा पूर्णांक एक," मी म्हटलं.

"एक."

"सोळा पूर्णांक दोन."

"दोन. आली वर बाईसाहेब." रेघ चौकटींना सोडून चालली होती, आलेखाच्या बाहेरच्या कोऱ्या पट्ट्यात, आणि तिथून कडेकडे. मी पाहत होते आणि वाचत होते. त्यांचा हात कागद संपून मांडीवरच्या चादरीवर आला तरी मी थांबले नाही, कारण यादीत अजून अकरा आकडे होते.